शेप्या आंब्याची वाटी

निमगाव साव्याच्या बाजूला आमची वस्ती आहे. वस्तीच्या वरच्या अंगाला माळ लागतो, आणि तो माळ नि आमचं रान यांच्या मधल्या बांधावर एक जुना आंबा उभा आहे. त्याच्या फळाला शेपूच्या भाजीसारखा वास येतो, म्हणून त्याचं नाव शेप्या. आंबे उतरवायला कुणी फारसं जात नाही. लग्नानंतरच्या पहिल्याच उन्हाळ्यात माझे सासरे मला म्हणाले होते, "त्या झाडाचा उपयोग सावलीपुरता." सासऱ्यांना बऱ्याच गोष्टींचा उपयोग ठाऊक नव्हता, पण ते असो.

माणसाच्या डोक्याच्या जरा वर, खोड जिथं दोन फांद्यांत फुटतं, तिथं या आंब्याला एक ढोली आहे. कधीकाळी तिथली फांदी मोडली असेल. लाकूड कुजत कुजत आत खड्डा पडला आणि पावसाचं पाणी सालीवरून ओघळून त्यात साठायला लागलं. घागरभर पाणी मावेल एवढीच जागा. पाणी कोऱ्या चहाच्या रंगाचं, तळाला कुजलेला पाला. बहिरूमामा त्या पाण्याला 'वाटी' म्हणायचे. बिरोबाची वाटी.

बहिरूमामा माळावरचे धनगर. त्यांचे वडील सोमाजी दिवाळी झाली की मेंढरं घेऊन कोकणाकडे उतरायचे आणि पावसाळ्याला माळावर परत यायचे. वाटेत शेतकऱ्यांच्या रानात मेंढ्या बसवायच्या, त्यांच्या लेंड्यांचं खत रानाला मिळायचं आणि यांना धान्य मिळायचं. येडगावचं धरण झालं, कालव्यांना पाणी सुटलं, आणि जो तो ऊस-कांदा करायला लागला. मेंढ्या बसवायला मोकळं रानच उरलं नाही. मग बहिरूमामांनी माळावर कायमचं छप्पर टाकलं, जवळचा तुकडा कसायला घेतला आणि थोड्या मेंढ्या ठेवून तिथंच राहिले. घरात बायको सुंदरा आणि एकुलती एक मुलगी हिरा. मी नव्वदनंतर तीन-चार वर्षांनी या वस्तीवर सून म्हणून आले, तेव्हा हिराचं मंचरला लग्न होऊन गेलं होतं. माळावर ही दोघंच नवराबायको होती.

मी त्यांना पहिल्यांदा पाहिलं ते भर चैत्रात. खांद्यावर कळशी घेऊन हा उंच, वाळका माणूस एका दगडावर चढला आणि आंब्याच्या खोडावर, पार वरून, हळूहळू पाणी सोडायला लागला. झाडाला पाणी मुळाशी घालतात एवढं मला माहेरी शिकवलं होतं. मी नवी सून, तोंड आवरायला हवं होतं, पण माझं तोंड कधीच आवरलेलं नाही.

"मामा, झाडाला आंघोळ घालता का?"

ते हसले नाहीत. "झाडाला न्हाई घालत सूनबाई. झाडाच्या पोटातल्यांना घालतोय."

मग त्यांनी मला दगडावर चढवून आत बघायला लावलं. आधी मला नुसतं काळं पाणी दिसलं. जरा डोळे सरावले तसं त्यात काही ना काही हलताना दिसलं. एक चपटा काळा किडा वर येऊन श्वास घेतल्यासारखा करून परत खाली गेला. काठाला मधमाश्या ओळीनं बसून पाणी पीत होत्या. आणि एका कपारीत, लाकडाच्याच रंगाची एक बेडकी अंग चोरून बसली होती. फक्त डोळे काय ते जिवंत. झाडावरची बेडकी मी तोवर पाहिली नव्हती.

पाणी घालायची त्यांची रीत ठरलेली होती. ते सरळ ढोलीत ओतायचं नाही, सालीवरून सोडायचं, म्हणजे पावसासारखं ओघळत जातं आणि तळ ढवळत नाही. काठोकाठ भरायचं नाही. आत एक काटकी तिरपी ठेवायची, मधमाशी पाण्यात पडली तर तिला चढून यायला काहीतरी लागतं. काटकी कुजली की नवी घालायची. आणि सगळ्यांत मोठा नियम असा, की ढोलीत हात घालायचा नाही. "देवाच्या वाटीत आपला हात न्हाई," असं ते म्हणायचे. माझी पोरं लहानपणी हात घालायला गेली की माळावरून मामांची हाक यायची, आणि त्या हाकेला पोरं माझ्यापेक्षा जास्त भ्यायची.

या रीतीमागं एक गोष्ट होती, ती मला सुंदराआत्यांनी सांगितली. बहिरूमामा अंगावर पिणारं पोर असताना त्यांची आई कोकणातून परतताना बाकीच्या मंडळींपासून चुकली. ऊन असं, की जवळचं पाणी संपलं आणि दूधही आटलं. माळ जवळ आला होता, पण तिच्यात चालायचं बळ उरलं नव्हतं. ती या आंब्याखाली बसली. पोराचं रडणंही थांबलं होतं. तेवढ्यात वर एक साळुंकी ओले पंख झाडत ढोलीतून बाहेर आली. बाई कशीबशी उठली, पदराचं टोक ढोलीत बुडवलं आणि पोराच्या तोंडात पिळलं. पोर जगलं. सोमाजींनी बिरोबापुढं शब्द दिला, की होळीपासून मिरगापर्यंत ही वाटी आमच्या घरातला कुणीतरी भरेल, कोरडी पडू देणार नाही. फिरतीवर असताना माळावर मागं राहिलेली म्हातारी माणसं भरत. पुढं ते काम बहिरूमामांकडं आलं.

सुंदराआत्या मात्र नवऱ्याची टिंगल करायच्या. "माझ्या घरातल्या हंड्याला हात लावत न्हाई आन् बेडकांचा पाणक्या झालाय," असं त्या सगळ्यांसमोर म्हणायच्या. पावसाळ्यात बेडकी ढोलीच्या काठाला फेसाचा गोळा घालायची. काही दिवसांनी त्यातून शेपटीवाली पिल्लं खाली पाण्यात पडायची. आत्या तो फेस बघून म्हणायच्या, "आली बघा तुमच्या लाडकीची धुणी." आणि मामा गावाला गेले असले की ह्याच आत्या डोक्यावर कळशी घेऊन बांधावर यायच्या. मी पाहिलं की म्हणायच्या, "त्येंला सांगू नगं हां, न्हाईतर लई शेफारतील."

अशी बाई. माझं बाळंतपण झालं तेव्हा माझ्या आईला यायला उशीर झाला, तर तीन रात्री माझ्या उशाशी ह्याच बसल्या होत्या. आमच्या घरात त्यावरून कुरबूर झाली. झाली तर झाली.

मग दोन हजार सहाचं साल आलं. त्या वर्षी चिकनगुनियाचा ताप गावोगाव फिरला. धडधाकट माणूस सकाळी उठताना वाकायचा तो वाकलेलाच राहायचा. आमच्या वस्तीवर एकही घर सुटलं नाही. माझ्या नवऱ्याला, संपतला, महिनाभर ट्रॅक्टरचं स्टेअरिंग धरता येईना. बहिरूमामांचे गुडघे धरले आणि सुंदराआत्या तर अंथरुणालाच खिळल्या. ताप उतरला, पण त्या उठल्या नाहीत. खाणं सुटलं, पाय सुजले, धाप लागायला लागली. मंचरला नेलं, सलाइन लावलं, परत आणलं. भाद्रपदात पितरांच्या पंधरवड्यात त्या गेल्या.

या तापानं माणूस मरत नाही, असं सगळे सांगत होते. वय झालं होतं, अंगात रक्त नव्हतं, हृदय कमजोर होतं. असेल. पण ताप यायच्या आदल्या दिवशी ती बाई माळावरून सरपणाची मोळी घेऊन उतरली होती, ते मी माझ्या डोळ्यांनी पाहिलं होतं. मला तेव्हा त्या सगळ्या सांगणाऱ्यांचा संताप आला होता, आणि अजून येतो.

त्यांचं तेरावं होऊन थोडे दिवस गेले आणि सरकारी दवाखान्यातून एक आरोग्य कर्मचारी वस्तीवर आले. घरोघर फिरून साठवलेलं पाणी बघत होते. माणूस चांगला होता, घाई करत नव्हता. आमच्या सिमेंटच्या टाकीत बॅटरी मारून त्यांनी मला डासांच्या अळ्या दाखवल्या. पाण्यात स्वल्पविराम वळवळावेत तशा. मामांच्या रांजणातही निघाल्या. मग वस्तीवरच्या कुणीतरी आंब्याकडं बोट दाखवलं. ते दगडावर चढले, ढोलीत बॅटरी मारली आणि म्हणाले, "यातही आहेत अळ्या. माती भरून टाका."

बहिरूमामा काठीवर रेलून खाली उभे होते. त्यांनी विचारलं, "साहेब, ह्या पाण्यानं गेली का ती?"

"तसं नाही सांगता येत बाबा. तुमच्या रांजणात आहेत, यांच्या टाकीत आहेत. कुठला डास कुठून आला ते कोण सांगणार?"

खरं तेच ते बोलले होते. पण मामांच्या कानात 'यातही आहेत अळ्या' एवढंच राहिलं. ज्या पाण्यानं आपल्याला जगवलं, जे आपण जन्मभर भरलं, त्यानंच सुंदराला नेलं, असं त्यांच्या मनानं घेतलं. वस्तीवर बोलणारे होतेच. ढोलीत सिमेंट ओता, म्हणून माझे सासरे दोनदा म्हणाले. आमच्याही टाकीत अळ्या निघाल्या होत्या, पण तिच्यात सिमेंट ओतायचं कुणी म्हणालं नाही.

मामांना वाटी बुजवणं जमेना. बापाचा शब्द होता. आणि तशीच ठेवणंही जमेना, कारण पाण्याकडं बघितलं की बायको डोळ्यांपुढं यायची. दोन दिवस ते आंब्याखाली नुसते बसून होते. मग त्यांनी धनगराला सुचेल तेच केलं. मेंढ्यांच्या अंगावरचे गोचीड मरावेत म्हणून बादलीत औषध कालवून मेंढ्या धुतात. औषधानं गोचीड गळून पडतात, मेंढीला काही होत नाही. मामांनी विचार केला, डासही गोचिडासारखाच, रक्त पिणारा. औषधानं तो मरेल आणि बेडकी मेंढीसारखी राहील. बादलीला घालतात तेवढंच औषध मापून त्यांनी ढोलीत ओतलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी मला हाक मारली. नुसती 'सूनबाई' अशी हाक, पण मी कणकेचा हात तसाच घेऊन धावले.

पाण्यावर बेडकीची पिल्लं पांढरी पोटं वर करून तरंगत होती. काहींना मागचे पाय फुटले होते. तो काळा चपटा किडा, आणखी कितीतरी बारीक जीव, ज्यांची नावं मला नाही ठाऊक, सगळे एका कडेला गोळा झाले होते. बेडकी काटकीला धरून होती. अर्धी पाण्यात, अर्धी वर. मधमाशीसाठी ठेवलेली ती काटकी.

"मेंढीला तर काय व्हत न्हाई गं," मामा मला सांगत होते. "मेंढीला काय सुदिक व्हत न्हाई."

मला रडू फुटलं. ते रडले नाहीत. त्यांनी सदऱ्याची बाही वर सारली आणि आयुष्यात पहिल्यांदा त्या ढोलीत हात घातला. पार खांद्यापर्यंत. एक एक पिल्लू बाहेर काढलं, बेडकी काढली. करवंटीनं पाणी उपसलं आणि मेंढ्या तोंड लावतील म्हणून लांब खड्डा करून त्यात ओतलं. तळाचा पाला, गाळ, सगळं खरवडून काढलं. मग मी पाण्याच्या कळश्या आणून देत राहिले आणि ते धूत राहिले. धरलेले गुडघे घेऊन ते त्या दगडावर कसे उभे होते देव जाणे. संपत म्हणाला, "मामा, बास झालं आता." त्यांना ऐकूच आलं नाही.

त्या दिवाळीला हिरा त्यांना न्यायला आली. हिरा आईवर गेलेली, बोलायला खडखडीत. "बाबा, हितं एकट्यानं काय करता? तुमची हाडं न्हाई ऱ्हायली चढाउताराची." मामा म्हणाले, "वाटी मेलीय पोरी. ती जिती झाली की येतो." हिरानं माझ्याकडं बघितलं. मी मान खाली घातली.

वाटी मात्र जिवंत होईना. होळीनंतर मामांनी पाणी घातलं, सालीवरून, तसंच हळूहळू. मधमाश्या आल्या, पिऊन गेल्या. साळुंक्या आल्या, पंख भिजवून गेल्या. पाहुणे येत होते, पण घरचं माणूस कुणी नव्हतं. पाणी आमच्या विहिरीसारखं नितळ दिसायचं, आणि मला ते नितळ पाणी बघवायचं नाही. लाकडानं औषध पिऊन घेतलं असणार. शिवाय आम्ही ढोली घासून लख्ख केली होती, आणि घासलेल्या भांड्यात काय जगणार? मामा आंब्याचा वाळका पाला मूठमूठ आत टाकायचे. तो कुजायची वाट बघायचे. पावसाळा आला आणि गेला. फेसाचा गोळा काही दिसला नाही. दिवाळीला हिरा आली आणि एकटीच परत गेली.

मामा त्या वर्षात फार खचले. मेंढ्या भावकीतल्या भागूकडं राखणीला दिल्या. एकदा आमच्या ओट्यावर बसले असताना अचानक म्हणाले, "वाटीनं न्हेली तिला, म्हून मी वाटी मारली. आन् वाटीनं न्हेलीच नसंल तर? मग म्या कुनाला मारलं?" मी चहा ठेवला. चहा ठेवणं हे आम्हा बायकांचं उत्तर नसताना द्यायचं उत्तर.

पुढच्या श्रावणात एका सकाळी पुन्हा हाक आली. मी गेले. मामा दगडावर उभे होते, मला जागा द्यायला ते बाजूला सरकले. पाण्याला थोडा रंग चढला होता, पाला मऊ पडला होता. आणि पाण्यात काहीतरी वळवळत होतं. मी नीट पाहिलं. डासाच्या अळ्या. पाण्यातले ते स्वल्पविराम.

माझ्या डोक्यात तिडीक गेली. इतक्या दिवसांनी कुणी आलं, तर हे आले! मी घरी धावत गेले आणि संपतनं ट्रॅक्टरचं जळकं ऑइल डब्यात काढून ठेवलं होतं ते घेऊन आले. दवाखान्यातल्या माणसानंच सांगितलं होतं, साचल्या पाण्यावर थोडं टाका, अळ्या गुदमरतात. "घाला मामा," मी डबा पुढं केला. "आत्याला खाल्लं यांनी."

मामांनी डबा हातात घेतला. एकदा डब्याकडं बघितलं, एकदा पाण्याकडं.

"ह्यांनी खाल्लं असंल," ते म्हणाले. "नसंल बी खाल्लं. पर ह्येच आदी येनार गं. ह्येच न्हाईत तर बेडकीची पिल्लं खातील काय?"

त्यांनी डबा माझ्या हातात परत दिला. मग खाली उतरून बांधावरची एक सरळ काटकी बघून मोडली, परत चढले, आणि ती ढोलीत तिरपी ठेवली. काटकी ठेवताना त्यांचा हात पाण्याला लागला नाही, एवढं मी पाहिलं. घरी आल्यावर मी आमची टाकी उपसून, घासून कोरडी केली. तेव्हापासून दर शुक्रवारी करते. माझ्या घरात मी अळी ठेवत नाही, ढोलीचं ढोलीपाशी.

दसऱ्यानंतर मामा हिराकडं गेले. जीप आली तेव्हा त्यांचं सामान एका पिशवीत मावलं. मला म्हणाले, "होळीनंतरचं बघशील का?" मी म्हटलं, "बघीन, पण मला पाणक्या म्हणायला आता आत्या नाहीत." तेव्हा ते हसले. आत्या गेल्यानंतर हसलेले मी पहिल्यांदाच पाहिले.

होळी झाली आणि मी कळशी घेऊन बांधावर जायला लागले. सासरे काय म्हणाले ते लिहीत नाही. त्या वर्षी पाऊस लांबला, वाटी मी मिरगानंतरही भरत होते. मग उशिरा का होईना पाऊस लागला. एका संध्याकाळी गोठ्यातून परत येताना बांधाकडून आवाज आला, कुणी बोटाच्या पेरानं लाकडावर टकटक करावं तसा. मी थांबले. परत टकटक. दगडावर चढले. ढोलीच्या आतल्या अंगाला, पाण्याच्या वर, फेसाचा पांढरा गोळा चिकटला होता. वरच्या कपारीत दोन डोळे होते.

मी तिथूनच हिराला फोन लावला. मामा त्या दिवसांत अंथरुणावरच होते, बोलणं जवळजवळ बंद झालं होतं, हे मला ठाऊक होतं. "बाबांच्या कानाला फोन लाव," मी म्हटलं, "आणि काही बोलू नकोस." मग मी मोबाइल ढोलीच्या तोंडाशी धरला. बेडकी माझ्या हालचालीनं गप्प झाली होती. वरून पानांचं पाणी माझ्या मानेवर ठिबकत होतं. हात भरून आला तरी मी तसाच धरला.

मग ती बोलली. टक्, टक्, टक्. थोडं थांबून परत.

मी फोन कानाला लावला. पलीकडं मामांचा श्वास ऐकू येत होता. मग ते बोलले, पण माझ्याशी नाही.

"सुंदरे, ऐकलं का? आली बग धुनी घेऊन."

फोन ठेवावा असं वाटलं, तेवढ्यात त्यांनी माझं नाव घेतल्यासारखं 'सूनबाई' म्हटलं. आवाज खोल गेला होता, पण शब्द स्पष्ट होता.

"काटकी हाय ना गं आत?"

"आहे मामा," मी म्हटलं. "नवी घातलीय."